हरल्यावर आलेला फोन

बाबा, तुम्हाला जाऊन आता बरीच वर्षं झाली आणि तुमच्याबद्दल चांगलं बोलायची सगळ्यांना सवय लागली आहे. माझा कुठे सत्कार झाला की कुणीतरी उठून सांगतं, देऊळघाटच्या एका शाळामास्तराने पोरीला टेबल टेनिसच्या भारतीय संघापर्यंत नेलं. मी मान हलवते. पोरी दोन होत्या, हे कुणी सांगत नाही.

बुलढाण्याच्या शाळेचा हॉल, रविवार. तुम्ही खेळाचे शिक्षक, म्हणून किल्ली तुमच्याकडे. पुण्याच्या शिबिराला दोघींपैकी एकच जाईल, असं तुम्ही सकाळी चहा पिताना ठरवलंत आणि आम्हाला टेबलाशी समोरासमोर उभं केलंत. ताई सोळाची, मी तेराची. तिचा बॅकहँड माझ्यापेक्षा कितीतरी चांगला होता, पण त्या दिवशी तो सारखा जाळ्यात जात होता. ते दिसल्यावर मी प्रत्येक चेंडू तिथेच टाकला. तसं तुम्हीच शिकवलं होतं. मी जिंकते. ताई हात मिळवायला टेबलाला वळसा घालून येते आहे, आणि तुम्ही मध्येच तिची बॅट घेता, नखाने कड उचकटता, नवंकोरं लाल रबर सोलून काढता. हे तुह्या बॅटले लावू, असं मला सांगता. मग मी कशानं खेळू, ताईनं विचारलं.

"तुले आता काह्याले पाह्यजे? तू हिले चेंडू टाकत जाय."

लग्न होऊन जानेफळला जाईपर्यंत ती रोज पहाटे टोपलीतले चेंडू मला टाकत राहिली. मी राज्याकडून खेळले, मग देशाकडून. खांदा सुजला म्हणून एकदा स्पर्धा सोडून घरी आले, तर तुम्ही माझ्या पुढ्यातलं ताट उचलून नेलंत. पुढे तुमचं अर्धं अंग लुळं पडलं, तेव्हा ताईनं तुम्हाला जानेफळला नेलं. भरवणं, पुसणं, सगळं तिनंच केलं. तुम्ही तिच्याशी बोलायचात ते फक्त माझ्या निकालांबद्दल.

त्या दिवशी मी राष्ट्रीय स्पर्धेची उपांत्य फेरी हरून कपडे बदलत होते. ताईचा फोन आला. बाबा काल सकाळी गेले, सारं आटोपलं, ती म्हणाली. कालच का नाही सांगितलंस, मी विचारलं.

"त्यायनंच बजावून ठेवलं होतं. तिचा खेळ चालू असंन तर सांगू नको. हरली का मंग सांग."

आणि आज जिंकले असते तर?

"तर उद्या सांगितलं असतं."

हे लिहिलेलं ताईला दाखवायचं मनात होतं. पण वाचून ती तुमचीच बाजू घेईल, म्हणून कपाटात ठेवून देते. तिलाही मी एक गोष्ट कधी सांगितलेली नाही. फोन ठेवून मी तिथेच बाकावर बसले, तेव्हा सगळ्यात आधी मला हायसं वाटलं, की मी हरले हे तुम्हाला कळलं नाही.