घरात आलेला शब्द : प्री-सार्कोपेनिया

३ मार्च

झालं ते असं :

१. दवाखान्यात शरीरातली चरबी आणि स्नायू मोजायचं नवं यंत्र आलं.
२. नवं यंत्र आलं की पेशंटच्या आधी आपापल्या घरची माणसं आणून त्यावर उभी करायची, ही आमच्या फिजिओथेरपी विभागाची रीत. रिसेप्शनवालीने सासऱ्यांना आणलं. मी आईला.
३. आई अनवाणी उभी राहिली, दोन्ही मुठींत दांडे धरले. "शॉक बसला तर तुझ्या बापाला काय सांगू वर जाऊन?" म्हणाली.
४. हातापायांच्या स्नायूंचं वजन भागिले उंचीचा वर्ग : ५.४. बाईला ५.७ तरी हवं.
५. पुन्हा घेतलं. ५.४.
६. हाताची पकड २७ किलो. माझ्यापेक्षा जास्त. खुर्चीतून पाच वेळा ऊठबस : झटक्यात.
७. यंत्राने आपणहून खाली छापलं : प्री-सार्कोपेनिया.
८. आईने विचारलं, "पास?" मी म्हटलं, "पास."

खोटं नव्हतं. पुरतं खरंही नव्हतं.

४ मार्च

शब्द नीट लिहून काढते, म्हणजे डोक्यात फिरायचा थांबेल.

सार्कोपेनिया — वयाबरोबर स्नायू झडणं आणि त्यांच्याबरोबर ताकद जाणं. प्री — त्याच्या आधीची पायरी. स्नायू कमी झालेत, ताकद आणि चाल शाबूत. दुखत नाही, खुपत नाही, आरशात दिसत नाही. मोजलं नसतं तर कळलंही नसतं.

आई अठ्ठावन्नची. दिवसातून कितीतरी वेळा मावशीला उचलते — पलंगावरून खुर्चीत, खुर्चीतून बाथरूममध्ये, परत पलंगावर. मावशी म्हणजे तिची थोरली बहीण. चार वर्षांपूर्वी झटका आला, उजवी बाजू गेली. बोलणं राहिलं, पण शब्दाशब्दाला थांबत. तेव्हापासून आमच्याकडे.

आईची उचलायची पद्धत ठरलेली. मावशीचा डावा हात आपल्या मानेभोवती, आपले दोन्ही हात तिच्या कंबरेमागे. "एक, दोन, हं!" — आणि पोतं उचलावं तशी उचल. मी लोकांच्या घरी जाऊन शिकवते त्यातलं काहीही आमच्या घरात चालत नाही. सरकायची फळी आणून दिली होती. तिच्यावर कुंड्या ठेवल्या आहेत.

"तुझं ते दवाखान्यात दाखव. माझ्या बहिणीला मी फळीवरून ढकलणार नाही. कळलं का, फूटपट्टी?"

फूटपट्टी म्हणजे मी.

६ मार्च

दादाला फोनवर सांगितलं. सांगायला नको होतं.

"म्हणजे आईला स्नायूंचा आजार झालाय!"

आजार नाही, म्हटलं.

"मग प्री कशाला? प्री म्हणजे होणारच ना?"

होणारच असं नाही. काहींचं वर्षानुवर्षं तिथेच थांबतं, काहींचं व्यायामाने मागे फिरतं, काहींचं पुढे जातं.

"तू ना, जन्मात कधी सरळ उत्तर देणार नाहीस."

दिलं होतं ते सरळच होतं. पण मावशीला शुश्रूषा केंद्रात ठेवावं, असं तो वर्षभर म्हणतोय आणि आई ऐकत नाहीये. आता त्याच्या हाती शब्द लागला.

८ मार्च

केंद्रात एक पलंग रिकामा झाला. दादाने धरून ठेवलाय. महिनाअखेरपर्यंत हो किंवा नाही कळवायचं.

संध्याकाळी स्वयंपाकघराच्या टेबलाशी, फोन स्पीकरवर टाकून, चर्चा. आई एका बाजूला, मी एका बाजूला, मावशी समोर — डाव्या हातात चहाचा कप. दादा म्हणाला, "आईला स्पष्ट सांग, तिच्या पायांचं काय चाललंय." मी स्पष्ट सांगितलं. स्नायू कमी होतायत, आत्ता ताकद आहे, पुढचं सांगता येत नाही.

आई दादाला : "चार वर्षं उचलतेय, तेव्हा कुठे गेला होता तुझा प्री?"

दादा : "तेव्हा मोजलं नव्हतं!"

आई : "मग मोजणारीलाच धाडा केंद्रात."

मग उठली आणि मला म्हणाली, "आज माझा प्री आहे. भांडी तू घास."

मी घासली. दादा फोनवर एकटाच बोलत राहिला. जरा वेळाने कळलं त्याला.

११ मार्च

दमलेय. जो तो हा शब्द आपल्या सोयीने वापरतोय.

रिसेप्शनवालीने मोजणीच्या खोलीबाहेर प्रोटीनचे डबे मांडलेत. कागदावर प्री छापून आलं की डबा खपतो. तिच्या सासऱ्यांचाही प्री निघाला होता. त्यांना डबा नाही दिला. "ते असेही ऐंशीचे आहेत," म्हणाली.

आई घरात कुठलंही काम टाळायला वापरते. दादा रोज मेसेजमध्ये वापरतो, दर वेळी 'प्री' गाळून.

जेवणाच्या सुट्टीत मोठ्या डॉक्टरांना विचारलं. ते डब्यातून मान वर न काढता म्हणाले, "नव्या मार्गदर्शिकांनी हा शब्द जवळपास सोडून दिलाय. आता आधी ताकद बघायची. ती कमी वाटली तर मग स्नायू मोजायचे. ते आपल्या सॉफ्टवेअरला कोण सांगणार? आई काय करतात तुमच्या?"

सांगितलं.

"मग ताकद कुठून आली ते कळलंच. उचलण्याने स्नायू झिजत नसतात हो. तुम्हाला मी सांगायला हवं?" मग मान वर केली. "पण असं उचलत राहिल्या तर कंबर जाईल एक दिवस. आणि ती आधी प्री पाठवून जाणार नाही."

१२ मार्च

दादाला सांगितलं — उचलतेय म्हणूनच आईची ताकद टिकलीय बहुतेक. मावशी गेली तर तेवढंही हलणं बंद.

तो म्हणाला, "म्हणजे मावशी काय आईचं व्यायामाचं सामान आहे का?"

 

१५ मार्च

मावशी जेवत नाही. सकाळचं अंडं अर्धं ठेवलं, दुपारी दोन घास. "भूक... नाही."

आई : "ताई, आता नखरे पुरे. माझ्या हाताला चव नाही म्हणायचंय का?"

मावशी : "तशी... कधीच... नव्हती."

आई हसली. ताट मात्र तसंच परत आलं.

१७ मार्च

आजही सूप तसंच. आईने ते ओतलं नाही, गरम करून रागाने स्वतः प्यायली.

१९ मार्च

हे लिहायला त्रास होतोय. तरी क्रमाने लिहिते.

सकाळी आई आंघोळीला गेल्यावर मावशीने माझी बाही ओढली. "मला... मोजशील?" मला वाटलं, ताप मोज म्हणतेय. "नाही. वजन."

दुपारी चाकाच्या खुर्चीसकट दवाखान्यात नेली. तिथे खुर्चीसकट वजन घ्यायचा काटा आहे. खुर्चीचं वजा केलं. जानेवारीपेक्षा चार किलो कमी. सांगितलं, तर मावशी हसली! अर्धाच चेहरा हसतो तिचा, पण पूर्ण हसली.

"अजून... पाच. मग धाकटीला... जड नाही."

मी काट्याचा दांडा धरून उभी. मागे रांगेत कोणीतरी म्हणालं, "ताई, झालं असेल तर..." मी खुर्ची बाजूला घेतली.

त्या संध्याकाळी टेबलाशी बसून आईला समजावलं. फोनवरून दादाला समजावलं. समोर चहा पिणाऱ्या बाईला कोणी काही समजावलंच नाही. तिने ऐकलं ते एवढंच — धाकटीचे पाय झडतायत. का, ते तिने स्वतःच ठरवलं. आपल्या ओझ्याने. आणि ओझं कमी करायला घेतलं.

तिला मोजणीच्या खोलीत नेलं, दार लावलं. तिच्या समोर गुडघ्यावर बसले. म्हटलं, "मावशी, उपाशी राहून आईचं काही वाचत नाही. जातात ते तुझे स्नायू. आणि तुझा 'प्री' कधीच मागे पडलाय."

"माझं... मोजलंच... कुठे?"

खरं होतं. त्या खोलीत मी रोज माणसं मोजते. चार वर्षं घरातल्या या बाईला नुसतं उचललं. मग तिथेच मोजलं. डाव्या हाताची पकड : १९. वाटलं होतं त्याच्या दुप्पट. डावं पाऊल माझ्या तळव्यावर ठेवून म्हटलं, "ढकल." तिने ढकललं. मी मागे कलंडले.

"मावशी! एवढा जोर आहे पायात?"

"ढकल म्हणून... सांगितलं... कोणी?"

२० मार्च

आईला सांगितलं. वाटलं होतं, रडेल. ती चिडली.

पलंगाशी जाऊन : "मी कधी म्हटलं जड होतेस? एकदा तरी म्हटलं? सांग ना! लहानपणी मला कडेवर घेऊन शाळेत सोडायचीस, तेव्हा मी सोडलं होतं का जेवण?"

मावशी : "तू तेव्हा... दोन वेळचं... जास्तच जेवायचीस."

मावशीने अख्खं अंडं खाल्लं. आई पलंगाच्या कडेला बसून प्रत्येक घास तिच्या तोंडात जाईपर्यंत बघत होती.

मग मी दोघींना शिकवलं. पलंगाच्या कडेला मावशी सरळ बसली, डावं पाऊल जमिनीवर घट्ट, डावा हात खुर्चीच्या दांड्यावर. पुढे झुकायचं. ढकलायचं. वळायचं. बसायचं. तिसऱ्या प्रयत्नात जवळजवळ सगळं तिने स्वतः केलं. मी तिच्या कंबरेला बांधलेल्या पट्ट्याला नुसती धरून होते.

आई दोन्ही हात पुढे करून उभी. त्या हातांचं आता काय करायचं, तिला कळेना.

२२ मार्च

मावशी जेवतेय. आईला नीट शिकवायचं म्हणजे — नको. विद्यार्थ्यांना शिकवणं परवडलं. "सावकाश काय, ती पडेल तोवर!" पडत नाही.

२४ मार्च

दवाखान्यातून लवकर आले. दारातूनच ऐकू आलं, "एक, दोन, हं!"

मी घरात नसले की आई पूर्वीसारखीच उचलते. आज रंगेहाथ सापडली. मावशी तिच्या मानेला लटकलेली, पाय हवेत. आईच्या खांद्यावरून माझ्याकडे बघत होती. 

आई म्हणाली, "मला घाई होती." कसली घाई? गॅसवर काही नव्हतं. बाहेर जायचं नव्हतं.

२५ मार्च

तरी हिशोब बेरजेत आहे. मावशी खातेय, ढकलतेय. आईची कंबर वाचवता येईल, मी मागे लागून तिला नवी पद्धत लावेन. पलंग सोडून दे असा मेसेज दादासाठी लिहिला. उद्या सकाळी पाठवते. पाठवायच्या आधी मावशीला वाचून दाखवेन. या वेळी तिला आधी.

२६ मार्च

वाचून दाखवला. मावशी म्हणाली, "पाठवू नको." मग, "तिथे... रोज... उभं करतात?" करतात, म्हटलं, दांड्यांमध्ये धरून, रोज. "मग मी... जाते. इथे ती... उभी राहू देणार नाही. जीव लावते... म्हणून."

दादाला पाठवलं ते जसंच्या तसं :

"पलंग सोडू नकोस. मावशी जाते म्हणतेय. आईसाठी नाही, स्वतःसाठी. आईला अजून सांगितलेलं नाही. सांगायला मी एकटी पुरणार नाही. तू ये. येतोस की नाही, ते रविवारपर्यंत कळव."