नजर कॉफीच्या किटलीकडे

फोबोर्ग, ७ ऑक्टोबर १९८५

चि. टॉर्किल यास आयनारदादाचे अ. उ. आ.

काल रविवारी तुझ्या मालिकेचा तिसरा भाग पाहिला. तुझ्या त्या निवृत्त बंदर-अधिकाऱ्यावर अख्खं गाव फिदा आहे. बेकरीच्या होल्मबाईंनी आज मला दालचिनीचा एक रोल फुकट दिला; म्हणाल्या, नटाच्या भावाला एवढं तर हवंच. मी तो खाल्ला, पण गोड लागेना.

एक्केचाळीस वर्षं मी वर्गात मास्तरच्या खुर्चीत काढली आहेत. पहिल्या भागात तू प्रत्येक वाक्याआधी वर्तमानपत्राकडे पाहिलंस. दुसऱ्यात टोपीच्या आत. काल कॉफीच्या किटलीकडे. बाहीत उत्तरं लपवलेल्या पोराची नजर मला ओळखू येत नाही होय? खरं सांग, तुझं पाठांतर जातंय का?

शाळेतला सुगीचा समारंभ आठवतो? नऊ वर्षांचा होतास. लाकडी मंचावर उभा राहून सुगीच्या कवितेची अठराच्या अठरा कडवी घडाघडा म्हटली होतीस. राय धान्याच्या शेतांवरचं ऊन खिडकीतून आत आलं होतं. बिशप डोळे पुसत होते. तो टॉर्किल कुठे आणि हा किटलीत शब्द शोधणारा कुठे!

लोभ आहेच, तो वाढव; पण या खेपेस त्यात थोडं खरंही घाल.

आयनार

कोपनहेगन, ११ ऑक्टोबर

ती. दादास शि. सा. न. वि. वि.

तू मास्तर कसला झालास, फौजदारच व्हायचास! म्हातारा माणूस कॉफीकडे नाही बघणार तर काय पोरीबाळींकडे? याला अभिनय म्हणतात. समीक्षक लिहितात, माझ्या वाक्याआधीच्या थांबण्यात खोली आहे. तुला मात्र तेवढी कॉपी दिसली.

जानेवारीत पश्चिम किनाऱ्यावर चित्रपटाचं काम सुरू होतंय. नायक मी. चाळीस वर्षं मी बटलर झालो, डॉक्टर झालो, विसाव्या मिनिटाला खून होऊन पडलो. शेवटपर्यंत जिवंत राहायची ही पहिलीच वेळ. तेव्हा असलं काही कुठे बोलू नकोस. कंपनीच्या कानावर गेलं तर दुसरा नट पाहतील. घरी माझ्या गुद्रुनलाही लिहू नकोस.

नोव्हेंबरात माझी पासष्टी. रिवाजाप्रमाणे सगळ्यांनी मिळून म्हणायचं गाणं तूच रचायचंस. फक्त कागद मोठ्या अक्षरात छाप. त्या हॉलमधले दिवे मंद असतात.

माया आहे तशी ठेव, चष्मा तेवढा काढून ठेव.

टॉर्किल

फोबोर्ग, १६ ऑक्टोबर

चि. सौ. गुद्रुन हिस अ. आ.

टॉर्किलने तुला लिहू नकोस म्हटलं, म्हणूनच लिहितो. टीव्हीवर तो वाक्याआधी कुठे कुठे बघतो, हे तुझ्याही लक्षात आलं असेल. आता त्याला गाणंही मोठ्या अक्षरात हवंय. घरी तो किल्ल्या विसरतो का? नावं चुकतात का? आमची आई शेवटी शेवटी मला पोस्टमन समजायची, हे मी विसरलेलो नाही.

मी एक ठरवलंय. पासष्टीला ताटाशेजारी गाण्याचा कागद ठेवायचाच नाही. शाळेतली सुगीची कविता उत्सवमूर्तीने उभं राहून एकट्याने म्हणायची. मग काय ते कळेल.

आपल्या दोघांत ठेव, आणि जिव्हाळा राहू दे.

आयनार

कोपनहेगन, २१ ऑक्टोबर

ती. भाऊजींस सा. न. वि. वि.

तुमचं पत्र वाचून मी आधी रडले, मग हसले. संशय मलाही होता, पण निराळा. गेल्या महिन्यात ह्यांच्या कोटाच्या खिशात चिठ्ठ्या सापडल्या. अक्षर बाईचं. एकीवर, मला सोडून जाऊ नकोस. दुसरीवर, तुझ्या नवऱ्याला सांगू का? मी हेरिंग माशाची बशी टेबलावर अशी आपटली की शेजारीण धावत आली. आठ दिवस मी बोलले नाही, आणि ह्यांनी कारणही विचारलं नाही! काल मालिकेत तीच दोन वाक्यं ह्यांच्या तोंडून ऐकली, तीही किटलीकडे बघत.

तुमचं पत्र मी ह्यांच्यापुढे ठेवलं. रागवा हवं तर. पण कागद ताटाशेजारी ठेवाच. चारचौघांत घरच्या माणसाची परीक्षा घेऊ नये.

तुमची कृपा असो, हट्ट नसो.

गुद्रुन

कोपनहेगन, २४ ऑक्टोबर

ती. दादास शि. सा. न.

पकडलंस. चिठ्ठ्या आहेत. स्क्रिप्ट सांभाळणाऱ्या व्हिबेकेबाई लिहून देतात. पण पाठांतर जातंय असं नाही. ते कधी नव्हतंच. चाळीस वर्षं मी चिठ्ठ्यांवर जगलो. ती थांबण्यातली खोली म्हणजे मी पुढची चिठ्ठी शोधत असायचो.

आणि ती अठरा कडवी? खरंच विसरलास? मंचाखाली पोटावर पडून, पुस्तक उघडून, फळ्यांच्या फटीतून एकेक ओळ तूच सांगत होतास. मी नुसता ओरडत होतो.

आता खरी अडचण ऐक. चित्रपटात नायकाचं सात मिनिटांचं बोलणं आहे, वाळूवर उभं राहून, एका दमात. समोर नुसता समुद्र; लाटेवर चिठ्ठी चिकटत नाही. व्हिबेकेबाई निवृत्त होतायत. नव्या दिग्दर्शकाला सांगितलं तर भूमिका गेली. पण माझ्या पायाशी एक उलथी होडी आहे. वाऱ्यामुळे आवाज नंतर स्टुडिओत भरायचेत. कॅमेरावाला जुना दोस्त, तो डोळेझाक करील. होडीखाली एक सडपातळ माणूस मावतो. मी स्वतः आत शिरून पाहिलंय.

येशील?

तुझा टॉर्किल

फोबोर्ग, २८ ऑक्टोबर

चि. टॉर्किल यास अ. उ. आ.

तू खोटं बोलतोयस असं ठणकावणारं चार पानी उत्तर मी लिहिलं होतं. ते टाकायला निघालो आणि पत्रपेटीपाशी थबकलो. पंचावन्न वर्षं मी सगळ्यांना सांगत आलो की बिशप डोळे पुसत होते. ते डोळे आठवायला गेलो, तर दिसेनात. दिसले ते त्यांचे बूट. काळे, डाव्याची नाडी सुटलेली. आणि फटीतून माझ्या पुस्तकावर पडलेली उन्हाची एक पट्टी. ती अठरा कडवी मला आजही येतात, ती का, हे मी कधी स्वतःला विचारलंच नाही. दुसऱ्यांचीच झडती घेत बसलो.

येतो. गुडघ्यांसाठी उशी आणीन. पासष्टीला कागद तुझ्या ताटाशेजारी असेल, हे गुद्रुनला सांग.

त्या सात मिनिटांचं बोलणं मात्र लगेच पाठव, आणि मोठ्या अक्षरात. होडीखाली उजेड कमी असतो.

तुझा दादा