आभाळाच्या रंगाचा धागा

माय, दुपारपासून माझं बूड खुर्चीला टेकत नाही. चहावर चहा झाला, उगाच गच्चीवर जाऊन आलो, नागपूरच्या रामदासपेठेतल्या या ऑफिसात दिसेल त्याच्यावर डाफरून झालं, आणि स्क्रीनवर ते विमान अजून तसंच लटकलंय, तुझ्या धाग्यावर. मुंबईत आम्ही केलेला तो जुना सिनेमा आता स्वच्छ करून पुन्हा दाखवणार आहेत आणि ते काम फिरत फिरत माझ्याच टेबलावर आलं. ओरखडे काढायचे, डाग काढायचे, दोरा दिसेल तिथला दोरा पुसायचा. संध्याकाळपर्यंत पाठवायचं आहे.

तेव्हा कॉम्प्युटर कुठले! पुठ्ठा, प्लास्टर आणि देवाची दया, एवढ्यावर आमची वादळं व्हायची. हातभर लांबीचं विमान, मागे रंगवलेलं आभाळ, बाजूला पंखा. विमान टांगायचा नायलॉनचा दोरा दिव्यांत चकाकायचा आणि स्टुडिओचा मालक माझ्यावर उखडायचा. सुटीत घरी आलो तो तोंड पाडूनच. तू मागाशेजारी कांड्या भरत होतीस. मान वर न करता म्हणालीस, "लायलॉन चमकते तं रेशीम ने ना. तोंड काहून पाडून राहिला?" त्या रंगवलेल्या आभाळाचा एक तुकडा माझ्या पिशवीत होता. तू तो खिडकीशी धरतेस, भाजीच्या पितळी गंजात रंग उकळतेस, रेशीम बुडवतेस, वाळवतेस, तुकड्यावर ठेवून बघतेस, नाक मुरडतेस आणि पुन्हा बुडवतेस. बाबा जेवणासाठी ताटकळलेत. पुढे कित्येक दिवस त्या गंजातली भाजी निळसर दिसायची, पण तुला तसं म्हणायची कोणाची छाती नव्हती.

सिनेमा नागपुरात लागला तेव्हा तुला नवं लुगडं नेसवून घेऊन गेलो. विमान वादळात सापडलं, लोक श्वास रोखून बसले, आणि मी पडद्याऐवजी तुझ्याकडे बघत होतो. बाहेर आल्यावर तू एवढंच बोललीस, "मले दिसला."

"कोनालेच नाही दिसला वं माय, तुलेच दिसला."

"मले दिसला म्हंजे दिसला. माह्यं काम कच्चं राह्यलं."

वीज चमकते तेव्हा, विमानाच्या पंखाच्या वर, क्षणभर. मलाही माहीत होता तो. नंतर शेजारीण विमानाचं कौतुक करायला लागली की तू उठून आत जायचीस. त्यानंतर माझा एकही सिनेमा तू पाहिला नाहीस, आणि त्याचा मला राग होता, अजूनही आहे.

तू गेलीस, आणि पाठोपाठ आमचा धंदाही बदलला. पुठ्ठ्याची विमानं भंगारात गेली, मी अर्धी हयात झाल्यावर माऊस धरायला शिकलो, आणि शेवटी काम घेऊन इथे परत आलो. आता नट खऱ्याखुऱ्या तारांवर उडतात आणि मी दिवसभर त्या तारा पुसतो. हातात काही लागत नाही, बोटांना रंग नाही, गोंद नाही. माग विकला. तुझी लुगडी वाटली. तुझ्या हातचं आता जगात काय उरलंय ते शोधायला गेलो तर ही विजेतली एक रेघ.

मघाशी आमची मॅनेजर पोरगी येऊन गेली. म्हणाली, "सर, ठेवायचा असेल तर ठेवा, पण मले रीझन द्या. मी काम देनाऱ्याहिले काय सांगू?" मी तिच्यावर खेकसलो. काय सांगणार होतो? माझ्या आईचा आहे म्हणून? आणि तू असतीस तर तूच माझ्या पाठीत धपाटा घालून म्हणाली असतीस, पूस लवकर, लोकं पाहून राहिले.

संध्याकाळ झाली. पुसला, माय. एकेक चित्र घेऊन, आजूबाजूचं आभाळ ओढून बुजवला, आणि काम पाठवून दिलं. तुझ्या मनासारखं पक्कं झालंय. आता स्क्रीनला नाक लावून शोधतो आहे, तर मलाही सापडत नाही. हे पत्र कुठे जाणार नाही, म्हणून लिहितो: तुझं ऐकलं, पण मला तो दिसायला हवा होता.