नासपतीच्या राईचा बाक

तीर्थरूप आक्कास,

धाकट्याचा नमस्कार. गुडघे कसे आहेत ते आधी लिही, आणि खरं लिही. ‘बरे आहेत’ हे उत्तर मी कित्येक वर्षं ऐकतोय आणि तू कित्येक वर्षं जिन्याचा कठडा धरून चालतेयस. तो नवा डॉक्टर तुला अजून ‘आजी’ म्हणतो, की तू त्याला सरळ केलंस, तेही कळव.

तुला गोष्टीआधी खर्च ऐकायला लागतो, म्हणून तो सांगून मोकळा होतो. मी एक बाक केला. दोन माणसं बसतील एवढा, पाठीला टेकू असलेला, साधा लाकडी. त्याला लागलं ते असं: नासपतीची अख्खी राई, मोडलेल्या तीन कुऱ्हाडी, साय धरून गार झालेले कितीतरी चहा, माझ्या उजव्या अंगठ्याची सूज आणि एका बोकडाची नाराजी. एवढं करून तो बाक घरात आणता येत नाही आणि विकताही येत नाही, कारण तो खेळातला आहे. हो, खेळातला. वाचून झाल्यावर हस, आत्ता चष्मा पडेल.

तुझ्या भावजयीच्या डोळ्याच्या पडद्याचं ऑपरेशन नीट पार पडलं. डॉक्टरांनी डोळ्यात कसलासा बुडबुडा सोडलाय. तो आतून पडद्याला दाबून धरतो म्हणे, आणि तो जागचा हलू नये म्हणून हिने दोन आठवडे पालथं पडून राहायचं. (आम्ही फळीला फळी चिकटवली की वर दगड ठेवतो, तसंच हे. मी डॉक्टरांना तसं म्हणालो. ते तोंडावर ‘साधारण तसंच’ म्हणाले आणि दार लावून घेतल्यावर मदतनिसाला म्हणाले, ‘या गृहस्थांना परत आत सोडू नका.’ दार बंद होतं, पण माझे कान तुला ठाऊक आहेत. करवतीचा आवाज बदलला की मी कचेरीत बसल्या बसल्या सांगतो की फळीत गाठ आली. गिऱ्हाईक बाहेर जाऊन बायकोशी काय कुजबुजलं ते ऐकून मी भाव ठरवतो. दुसऱ्याच्या वखारीत ओंडके उचलणारा माणूस स्वतःची वखार काढतो ती हाताच्या जोरावर नव्हे, या दोन कानांच्या.) तर ही आता पालथी आहे. तोंड जमिनीकडे करून सगळ्या घराला हुकूम सोडते. आधी तोंड दिसायचं तेव्हा निदान कुठे बघतेय ते कळायचं.

चमकणाऱ्या कुठल्याही पडद्याकडे बघायला हिला सक्त मनाई. मी म्हटलं, बरं झालं, ते हातातलं खेळायचं यंत्र सुटलं. तुला ते यंत्र माहीत असेल. हिला ते भिंगरीने पाठवलं. माझी एकुलती एक लेक तुझ्या गावात, तुझ्यापासून दोन गल्ल्यांवर राहते, तेव्हा तिच्याविषयी मी तुला काही सांगावं असं नाही. आमचं दोघांचं बोलणं बंद आहे असं लोक म्हणतात, ते साफ चूक आहे. ती ‘बाबांना सांग’ म्हणून हिच्याशी बोलते, मी ‘तिला सांग’ म्हणून हिच्याशी बोलतो. दोन वर्षं व्यवस्थित चाललंय. झालं ते तू ऐकलंच आहेस, पण माझ्याकडून ऐकलं नाहीस. वखार तिने चालवावी म्हणून मी तिला लहानपणापासून लाकूड शिकवलं. डोळे मिटून, नुसत्या वासावरून जात सांगायची पोर. आणि नोकरी कुठे धरली, तर भुसा गोंदात कालवून त्याच्या फळ्या करणाऱ्या कारखान्यात. मी जेवताना एवढंच म्हणालो, की हे म्हणजे खाटकाच्या मुलीने केसांचं दुकान काढण्यासारखं आहे. ती ताटावरून उठली. (आता मला उपमाही फारशी पटत नाही. पण बोलून गेलो.)

तर त्या खेळात प्रत्येकाचं एक बेट असतं. हिच्या बेटावर सगळे प्राणी राहतात, माणूस ही एकटीच. चष्मा लावणारा एक बोकड आहे, तो बहुधा निवृत्त कारकून असावा, रोज दारात उभा राहून काहीतरी खटकल्याचं सांगतो. एक पाणमांजर दुकान चालवतं. एक अस्वल सुतार आहे, आणि लाकडाच्या मापात गोड बोलून मारतं. त्याच्याकडे बघून मला घरच्यासारखं वाटलं. हिने पहिल्या दिवशी पालथ्यानेच यंत्र माझ्याकडे सरकवलं. ‘अहो, फुलांना पाणी घाला, बोकडाची विचारपूस करा आणि धक्क्याचं फाटक लावू नका. बाकी कशाला हात लावायचा नाही.’

आक्का, तूच सांग, जन्मभर लाकडात काढलेल्या माणसाला असं सांगून भागतं का? मी बेटाला एक फेरी मारली. कोठारात एक काठी नाही. ओढ्यावर पूल नाही. बोकड पलीकडच्या तीरावर राहतो आणि लांबून वळसा घालून येतो. (तरीच तो तक्रारखोर.) आणि धक्क्याजवळच्या उतारावर नासपतीची भरगच्च राई, चांगली खोडं, सरळ वाढ, नुसती उभी. माल उभा आणि कोठार रिकामं हे मला बघवत नाही. पाणमांजराकडून जड कुऱ्हाड घेतली आणि दिवाणखान्यातल्या खुर्चीत बसून कामाला लागलो. विचार असा, की ही उठून बसेल तेव्हा बेटावर पूल असेल, बाक असेल, कोठार भरलेलं असेल, आणि मी सहज म्हणून विचारीन, ‘काही फरक वाटतो का?’

राई उतरवली. बुंधेसुद्धा खणून काढले. अस्वलाला पुलाचं लाकूड दिलं आणि एक बाक करून घेतला. उरलेला माल उतारावरच नीट रचला. तुला आठवत असेल, आपण थप्पी कशी लावतो: ओंडक्यांचा एक थर, त्यावर आडव्या पातळ पट्ट्या, त्यावर पुढचा थर, म्हणजे मधून वारा खेळतो आणि लाकूड वाकत नाही. खेळात ओंडक्यावर काठी ठेवता येते, काठीवर पुन्हा ओंडका. अख्खी दुपार गेली, पण थप्पी अशी झाली की मी यंत्र लांब धरून बघत बसलो.

मग बोकड आला. नव्या पुलावरून आला, पण पुलाचं एका शब्दाने कौतुक नाही. म्हणाला, ‘पाहुणीने लावलेली राई गेली वाटतं. ती रोज तिथे बसायची. आता ती कुठे बसेल याचा विचार झालाच असेल.’ कोणती पाहुणी, हे मला विचारावं लागलं नाही. या बेटावर नासपती आपणहून उगवत नाही, इथे सगळी लिंबं. भिंगरी तिच्या बेटावरून एकेक फळ आणून पुरून गेली होती. संध्याकाळी तिची होडी धक्क्याला लागायची आणि मायलेकी त्या झाडांखाली बसायच्या. ही त्या वेळी खोलीचा पडदा ओढून घ्यायची, आणि मला वाटायचं डुलकी काढते. आणि आता संध्याकाळ होत आली होती आणि फाटक उघडं होतं. 

होडी लागली. पिवळी टोपी घातलेली एक ठेंगणी बाहुली उतरली. आणि मी कोण? तर मी तुझी भावजय, ठिपक्यांचा झगा, केसात फूल. (मिश्या असलेल्या माणसाने आयुष्यात एकदा तरी असं उभं राहून बघावं. पळायचं ठरवलं तर बाहुली गिरकी घेते.) पिवळी टोपी उताराकडे गेली. रिकाम्या जागेत थांबली. थप्पीभोवती हळूहळू एक फेरी मारली. परत येऊन बाकावर बसली. मीही जाऊन शेजारी बसलो, दुसरं काय करणार. इथे बोलायचं ते टंकावं लागतं आणि ते डोक्यावर फुग्यात दिसतं.

‘आई, झाडं?’

मी एका अंगठ्याने लिहिलं, ‘पूल.’

‘डोळा कसा आहे?’

‘बरा.’

‘बघायला मनाई आहे ना तुला?’

‘एकाने बघते.’

 मी यंत्र घट्ट धरून बसलो होतो, अंगठ्याची सूज ती तेव्हाची. मग फुगा आला. ‘बाबा, खालचा थर जमिनीला टेकलाय.’

आक्का, मी बघितलं, आणि खरंच टेकला होता. खाली आडवे वासे घालायचे असतात आणि मग पहिला थर, हे मी तिला शिकवलेलं. आणि मीच विसरलो होतो. दोन वर्षांनी पोरीने मला थेट काही सांगितलं आणि तेही बरोबर सांगितलं. मी लिहिलं, ‘इथे वाळवी नसते. बोकडाला विचारलंय.’ तिच्या बाहुलीने पोट धरून हसायला घेतलं. (तशी एक कळ आहे. मला सापडायला दोन दिवस लागले.) झाडांवरून ती एक अक्षर रागावली नाही. रागावली असती तर मला उत्तर देता आलं असतं.

पण मला अभिमान वाटला तो वेगळाच. झगा होता, फूल होतं, सगळं सोंग होतं. नुसत्या थप्पीवरून तिने बाप ओळखला. दुसऱ्या कुणाला तिथे लाकडाचा ढीग दिसला असता. भुशाच्या कारखान्यात असेना का, हाताखालून गेलेलं लाकूड तिच्यातून गेलेलं नाही. हे मी वखारीतल्या करवतवाल्याला सांगितलं, हिशेबनिसाला सांगितलं, आणि दाढी करणाऱ्याला सांगितलं तेव्हा त्याने वस्तरा बाजूला ठेवला.

तेव्हापासून ती रोज संध्याकाळी येते, खिशात नासपत्या घेऊन. आम्ही राई परत लावतोय. फळ पुरायचं आणि चारी बाजूंना पटावरच्यासारखं एकेक घर मोकळं सोडायचं, नाहीतर रोप खुरटतं. मी दोन घरं सोडावीत म्हणतो, ती एकच म्हणते, त्यावरून आमची रोज जुंपते. तिच्या बाजूची रोपं जोमात आहेत एवढंच सांगतो. जड कुऱ्हाड तिने माझ्याकडून काढून घेऊन समुद्रात टाकली आणि हलकी दिली. हलक्या कुऱ्हाडीने झाडाला रोज तीन टोले द्यायचे, तेवढ्यात तीन लाकडं मिळतात आणि झाड उभं राहतं. मी म्हणालो, असं झाड खरं असतं तर मी वखार काढलीच नसती, घरामागे चार लावली असती. ती म्हणाली, ‘मग मी भुशात गेले नसते.’ मी पुढचं फळ पुरलं. तिनेही एक पुरलं. 

घोर आहे तो एवढाच. येत्या शुक्रवारी डॉक्टर हिला मान वर करू देणार. पहिल्यांदा यंत्र मागेल, मी ओळखतो हिला. आणि रोपं अजून गुडघ्याएवढी आहेत. हिला यातलं काही ठाऊक नाही. मी दिवाणखान्यात खेळतो, ही आतल्या खोलीत असते, मधे फक्त एक पडदा. संध्याकाळी तर मी मुद्दाम खोकतो, म्हणजे हिला वाटावं मी पेपर वाचतोय. तेव्हा तूही फोनवर बोलताना सांभाळ. तुझ्या पोटात काही राहत नाही हे मी प्रेमाने लिहितोय.

घरातल्या मोठ्यांना नमस्कार, छोट्यांचे गाल माझ्या वतीने ओढ, आणि खालच्याच खोलीत झोपत जा.

तुझा
धाकटा

ता. क. जाता जाता एक काम. भिंगरीकडे सहज गेल्यासारखी जा आणि तिला शुक्रवारी इथे येऊन जायला सांग. बेटावर नव्हे, इथे, घरी. होडीने नव्हे. ही डोळा उघडेल तेव्हा समोर राई नसेल तर निदान पोर तरी असावी. मी विचारलं असं सांगू नकोस. मी रोज संध्याकाळी तिच्या शेजारी बसतो आणि रोज ते टंकायला घेतो, मग नासपतीचंच काहीतरी लिहून ठेवतो. ‘रजा नाही’ म्हणाली तर सांग, वखारीत खऱ्या मालाच्या थप्प्या आहेत आणि त्यांचा खालचा थर बघणारं कुणी नाही. हे खरं नाही, करवतवाला बघतो. पण सांग.

आणखी एक. लिहिताना मला पुटपुटायची सवय आहे हे तू लहानपणापासून सांगत आलीस, ते बरोबर होतं. पाकीट चिकटवायला उठलो तर आतून हाक आली. ही पालथ्यानेच म्हणाली, ‘अहो, ते थप्पीवरून ओळखलं तेवढं खोडा. त्या यंत्रातल्या कुऱ्हाडीचा आवाज गल्लीच्या टोकापर्यंत जातो. पहिलं झाड पडलं तेव्हाच मी भिंगरीला फोन केला, की बाबा बेटावर आलेत, आज नक्की ये.’