बोळाला दार नको

परमेश्वराला स्मरून, कोणाच्याही दबावाखाली न येता, डोकं ठिकाणावर आणि चष्मा नाकावर असताना मी हे मृत्युपत्र स्वहस्ते लिहीत आहे. शिक्षण मॅट्रिक. व्यवसाय घर चालवणे. कोपऱ्यावरच्या डॉक्टरीणबाईंनी मला तपासलं आणि म्हणाल्या, "काकू, हृदय थकलंय, पण डोकं माझ्यापेक्षा बरं आहे." त्यांचा दाखला सोबत जोडला आहे; त्यात 'माझ्यापेक्षा' हा शब्द तेवढा त्यांनी गाळला. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही, त्यामुळे जुने रद्द करण्याचा प्रश्न नाही.

१. तळमजल्याच्या दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि मागची मोरी हे घर यजमानांनी माझ्या नावे केले. ते मी माझ्या मुलाला देते. मोरीचा नळ उजवीकडे जास्त पिळू नये, त्याला उलटं वळण आहे. सुनेला माहीत आहे. तिने या घरात मला कधी उपाशी झोपू दिलं नाही की रुसून बसू दिलं नाही, याबद्दल तिचे आभार इथे लिहिते, कारण तोंडावर सांगितलं की ती विषय बदलते.

२. घरखर्चातून मागे टाकलेली पोस्टातली ठेव मुलीला. तिने ती उधळली तरी माझी हरकत नाही. काटकसर मी दोघींच्या वाटची करून ठेवली आहे.

३. शिवणयंत्र इस्त्रीवालीच्या मुलीला. पायडल कुरकुरतं, थोडं तेल लागतं. तेलाची बाटली खणात आहे, अर्धी. नवी आणू नये.

४. आता बोळ. आमची भिंत आणि शाळेचं कुंपण यांच्या मधला हा चिंचोळा तुकडा कागदोपत्री माझ्या मालकीचा आहे. समोरासमोर दोन माणसं आली तर एकाला अंग चोरावं लागतं. पलीकडे नगरपालिकेचं मैदान. ते सर्वांसाठी खुलं आहे असं फलकावर लिहिलंय. पण बऱ्याच वर्षांपूर्वी पुढच्या बाजूला इमारतींची सोसायटी झाली, तिने आपल्या रस्त्यावर फाटक बसवलं, पहारेकरी ठेवला. मैदान सर्वांचं राहिलं, वाट तेवढी त्यांची झाली. मागच्या वस्तीला आत जायला उरला तो माझा बोळ.

रोज संध्याकाळी इथून मुली चेंडू घेऊन जातात, म्हातारे काठी टेकत जातात, कामावरून आलेल्या बायका घटकाभर गवतावर पाय पसरायला जातात. जाताना स्वयंपाकघराच्या खिडकीतून हाक येते, "काकू, आहात ना?" यजमान गेल्यावर या हाकेने मला एकटी पडू दिलं नाही. देवाने माझ्या पदरात जे टाकलं त्यात मी ही हाक धरते.

सोसायटीला हा बोळ विकत हवा आहे, भिंत घालायला. मुलगा म्हणाला, "आई, बोळ म्हणजे नुसती हवा. हवेचे पैसे मिळतायत, तर घे ना!"

"हवा आहे म्हणूनच विकता येत नाही रे," मी म्हटलं.

"तू गेल्यावर मलाच बघायचंय हे सगळं."

"म्हणून तर लिहून ठेवतेय."

तेव्हा लिहिते, की हा बोळ मी येणाऱ्या-जाणाऱ्या सर्वांच्या वाटेसाठी नगरपालिकेला देते. त्यावर दार, फाटक, साखळी किंवा भिंत कधीही येऊ नये, ही अट. वकिलांनी विचारलं, "काकू, सर्व म्हणजे नेमके कोण?" मी म्हटलं, "ज्याला पाय आहेत तो. आणि ज्याला नाहीत, त्याला उचलून आणणारा." त्यांनी ते कायद्याच्या भाषेत बसवून दिलं आणि फी घेतली नाही. देव त्यांना उदंड आयुष्य देवो.

५. माझी घडीची खुर्ची सोसायटीच्या सेक्रेटरींना. रिकामटेकडे बसतात म्हणून मैदानातले बाक यांनीच अर्ज करकरून काढवले. आता यांचे गुडघे गेले. फिरायला येतात आणि दोन फेऱ्यांनंतर माझ्या भिंतीला टेकून उभे राहतात. एकदा मी खुर्ची बाहेर काढून दिली. म्हणाले, "वहिनी, कशाला त्रास?" मी म्हटलं, "बसा हो भाऊजी. ही काढायला अर्ज लागत नाही." ते बसले, आणि हसलेही. त्या हसण्यासाठी जुना राग इथे निकालात काढते. खुर्ची मात्र त्यांनी मैदानात ठेवावी, घरात नव्हे.

६. बोळाच्या तोंडाशी बसून चपला शिवणारे बाबा यांना मी काहीही देत नाही. साक्षीदाराला काही दिलं तर पुढे भांडण उभं राहतं, असं वकील म्हणाले, आणि साक्षीला यांच्याइतका खरा माणूस मला दुसरा मिळाला नाही. बाबांना सांगितलं तर म्हणाले, "बरं झालं बाई, ठेवायला जागा कुठाय?" उन्हापावसात ते तिथे बसून राहिले म्हणून बोळ कधी ओस पडला नाही. फक्त आभार देते. ते फार आहेत.

७. या मृत्युपत्राची अंमलबजावणी मुलाने करावी. नगरपालिका बोळ ताब्यात घेईपर्यंत त्याची राखणही त्यानेच करावी. वकील चमकले, "ज्याला विकायचाय, त्याच्याच हाती?" होय, त्याच्याच. कारण पुढे लिहिते. ते मुलाने सावकाश वाचावं.

बाळा, तू तेव्हा शिकायला परगावी होतास. तुझी सायकल बोळातून चोरीला गेली, म्हणून तुझ्या वडिलांनी तिथे दार बसवलं. चांगलं जाड, कुलूप लावून. आम्ही दोघं देवदर्शनाला गेलो, किल्ली आमच्यासोबत. त्या दुपारी इस्त्रीवालीचे सासरे मैदानात चक्कर येऊन पडले. लोकांनी त्यांना उचलून आणलं, तर बोळाला कुलूप. मग सोसायटीच्या फाटकाकडे धावले. तिथे पहारेकऱ्याने आधी वहीत नावं लिहून घेतली. म्हातारा वाचला, देवाची कृपा. आम्ही परतल्यावर चपलावाल्या बाबांनी हे सांगितलं. तुझ्या वडिलांनी प्रवासाची पिशवीसुद्धा आत ठेवली नाही. स्क्रूड्रायव्हर मागितला आणि दार बिजागऱ्यांसकट काढलं. जेवायला बसल्यावर एवढंच म्हणाले, "सायकल परत घेता येते."

ते दार मी फुकट जाऊ दिलं नाही. स्वयंपाकघरात ज्या टेबलावर तू तुझ्या पोरांना अभ्यासाला बसवलंस, ते तेच दार. आत्ता याच्यावरच लिहितेय. माझ्या पश्चात याला आखूड पाय लावून मैदानात बाक कर. माझं नाव घालू नकोस, रंगाचा खर्च आहे. कोणी हलवला तर परत आण. लाकूड आहे, झिजेल पण मोडणार नाही.

वडिलांचा स्क्रूड्रायव्हर तुला देते. दार बसवायला तोच लागतो आणि काढायलाही तोच.

वरील मजकूर मी दोघा साक्षीदारांसमोर वाचून दाखवला, मग सही केली. त्यांनीही माझ्यासमोर केली.

स्थळ: स्वयंपाकघर, दारावर.
दिनांक: सोमवार, सकाळची पूजा आटोपून.

सही: बोळवाल्या काकू (खरं नाव व पत्ता सोबतच्या दाखल्यात)

साक्षीदार १: डॉक्टरीणबाई, कोपऱ्यावरचा दवाखाना.
साक्षीदार २: चपला शिवणारे बाबा, बोळाचं तोंड. यांनी सही करून विचारलं, "बाई, बाक किती उंच करायचा?" मी म्हटलं, मुलाला विचारा.