टाळ्यांमागची हाक

२ फेब्रुवारी, सोमवार

वळसंगहून एसटीनं सोलापुरात आले. नातू मल्हार स्टँडवर घ्यायला आला. केस माझ्यापेक्षा लांब. म्हटलं, वेणी घालायला बोलावलंस का रे? लई हसला. रांगत होता तवाच त्याची आई गेली. मीच वाढवला, म्हणून माझ्या शिव्या त्याला गोड लागतात.

अक्कलकोट रोड एमआयडीसीत मल्हार आणि त्याच्या दोस्तांनी चादरीच्या कारखान्याची एक बंद शेड भाड्यानं घेतलीय. माग गेले, सूत अजून भिंतीला चिकटलंय. शेजारी माग चालूच, खटाखट. मल्हार विजेची गिटार वाजवतो आणि गातो. तिप्पण्णा ड्रम बडवतो. शिवयोगी जाड तारांची गिटार धरतो. सुकन्या म्हणून पोरगी कानाला वाट्या लावून सगळं रेकॉर्ड करते. कोल्हापूर, हुबळी करून आलेत, रविवारी हितं शेवटचा कार्यक्रम. तिन्ही गावांची मिळून एक रेकॉर्ड निघणार, टाळ्या-शिट्ट्यांसकट. माझं काम भाकरी थापायचं.

गाण्याला ब्लूज म्हणतात. मल्हार म्हणाला, तिकडं अमेरिकेत शेतात राबणाऱ्या काळ्या माणसांचं दुःखाचं गाणं हाय. म्हटलं, दुःख आमी जात्यावर फुकट गायलो, तुमाला त्याला वीज लागते. तिप्पण्णा चुलीपाशी ठसका लागेस्तोवर हसला. गुणी पोरगं.

ही वही सुकन्यानं दिली. म्हणाली, आज्जी, रोज काहीबाही लिहा, रेकॉर्डच्या पाकिटावर छापू. चौथी शिकलेल्या बाईचं छापणार. छापा.

३ फेब्रुवारी, मंगळवार

सुकन्याच्या रेकॉर्डिंगच्या डब्यातनं कोल्हापूरचा कार्यक्रम ऐकला. गाणं संपतं, टाळ्या पडतात, आणि टाळ्या विरता विरता एक बाई हाक मारती. वरडत न्हाय. जेवायला बोलवावं तशी. तिप्पण्णा. जरा थांबून परत, तिप्पण्णा. आणि हा माईकवर ओ देतो.

कोण बाई म्हणून विचारलं. तिप्पण्णा म्हणाला, दिसली न्हाय आज्जी, वळखीची असंल म्हणून ओ दिली.

झापलाच त्याला. तिसऱ्या हाकेशिवाय ओ देऊ नये, एवढं तुझ्या आईनं शिकवलं न्हाय व्हय? जितं माणूस तिसऱ्यांदा हाक मारतं. बाकीच्यांना दोनच जमतात. मल्हार म्हणाला, म्हणून तर मी तुझ्या तिसऱ्या हाकेलाच येतो. खरं हाय. जन्मात कधी दोन हाकांत आला न्हाय गधडा.

सगळी हसली. तिप्पण्णा तेवढा हसला न्हाय.

४ फेब्रुवारी, बुधवार

तिप्पण्णानं चुलीवरचा तवा उघड्या हातानं उचलला. कातडी सोलली तरी हूं न्हाय की चूं न्हाय. डॉक्टरनं गोळ्या दिल्या.

दुपारी सुकन्या पांढरीफटक होऊन आली. कोल्हापूरच्या रेकॉर्डिंगमधी त्या ओ नंतर तिप्पण्णा हसतोय. काल ते हसणं तितं नव्हतं. मी ऐकलं. ठसका लागेस्तोवरचं हसणं. ते सोमवारी हितं चुलीपाशी झालंय, कोल्हापुरात न्हाय.

६ फेब्रुवारी, शुक्रवार

हुबळीच्या रेकॉर्डिंगमधी शिवयोगीला हाक हाय. त्यानं पण ओ दिलीय.

आज त्यानं वाटीभर ठेचा कोरडा खाल्ला. डोळ्यात पाणी न्हाय. आईचा फोन आला, ऐकून घेतला, ठेवून दिला.

दोघंही भिंतीकडं बघत बसतात. हितं जेवढी गप्प, तेवढी त्या डब्यात बोलतात.

सुकन्या म्हणाली, रविवार रद्द करा. मल्हार म्हणाला, पोरं दमलीत फक्त. मी त्याला बिरोबाची आण घातली, तिसऱ्या हाकेशिवाय ओ द्यायची न्हाय. माझी समजूत काढायला हो म्हणाला.

८ फेब्रुवारी, रविवार

सांजच्याला कार्यक्रम झाला. तिप्पण्णा, शिवयोगी मागासारखे वाजले. एक ठोका चुकला न्हाय. लोक खूश.

शेवटचं गाणं संपलं. टाळ्या. मग ती हाक. मल्हार.

बाई कुटं दिसली न्हाय. परत, मल्हार. पोराची मान वळली. आईचा आवाज त्याला ठावा न्हाय, तरी आईनं बोलवल्यागत वळली. आण विसरला. तोंड उघडलं.

मी खुर्चीवर चढून ओ दिली. मेंढरं वळावीत एवढ्या मोठ्यानं.

लोक हसले. मल्हार चिडला, रेकॉर्ड नासली म्हणाला. नासू दे. माझ्यात आता कडबाच उरलाय, खाईल ते काय खायचं ते. पोरगं वाचलं.

९ फेब्रुवारी

भाकरी करपली. वास आला न्हाय. माझी बोटं तव्यावर होती.

मल्हारनं येऊन पाय धरले. धरलेत हे बघून कळलं.

१० फेब्रुवारी

आवाज गेला. तोंड उघडलं की नुसती हवा.

सुकन्यानं सोलापूरचं लावलं. वेणी घालायला बोलावलंस का रे — त्यात मी हाय. सुकन्या रडली. मला काय वाटलं न्हाय.

१२ फेब्रुवारी

पाय उठत न्हायत. हात तेवढा चालतोय.

मल्हार समोर बसलाय. रेकॉर्ड मोठ्यानं लावलीय. आज्जे, तुझ्या शिव्या ऐकतोय, म्हणाला. हसतोय, डोळे मिटून.

टाळ्या पडल्या. आता मी हाक मारतेय. त्या डब्यातनं. मल्हार. जेवायला बोलवते तशी. हितं माझं तोंड बंद हाय.

वही दाखवली. बघत न्हाय.

भ्या वाटायला पायजे. वाटत न्हाय.

दुसरी. मल्हार थांबला. आण आठवली. शाणं माझं लेकरू. आता तिसरी यायची न्हाय. त्यांना तिसरी जमत न्हा —

मला जमती.

माझा आवाज हाय तो. मी त्याला कायम तिसरी हाक मारून बो —

मल्हार डोळे उघड, हिकडं ब