नारळ, कॅरम आणि राखून ठेवलेला हक्क

५ जून १९९४, रविवार
शेजारच्या वादिराजविरुद्ध दावा लावून आज तीन महिने झाले. मुद्दा सरळ आहे. कुंपणातलं त्याचं नारळाचं झाड आमच्याकडे वाकलंय आणि नारळ माझ्या स्कूटरवर पडतात. तेव्हापासून आमचा रविवारचा कॅरम बंद. मला त्याचं काही नाही. सकाळी बोर्डाला पावडर लावली, ती लाकूड खराब होऊ नये म्हणून.

८ जून
दाव्याची प्रत पुन्हा वाचली. 'सात नारळ पडले' असं मी शपथेवर लिहिलंय. वहीत सहाच आहेत! सातवा नीलिमाच्या पिशवीतून जिन्यावर पडलेला. ऑफिसात दिवसभर लक्ष नाही. नीलिमा म्हणते, अहो, एका नारळासाठी कोण फाशी देतंय? पण शपथ ती शपथ.

११ जून
चिकपेटला वकील भीमसेनरावांकडे. म्हटलं, दावा मागे घ्यायचा. ही माघार नव्हे, स्ट्रॅटेजी. ते खुशीत म्हणाले, सरी, ठीक आहे, सोमवारीच अर्ज टाकू. मी म्हटलं, पण इतर सर्व कायदेशीर उपायांचा हक्क राखून. कुठले उपाय, त्यांनी विचारलं. म्हटलं, ते नंतर ठरवू, हक्क आधी राखायचा असतो. 'सर्व'खाली रेघ मारायला लावली. त्यांनी टायपिस्टला स्वल्प थांबायला सांगितलं आणि बराच वेळ पंख्याकडे पाहत बसले.

२० जून, सोमवार
कोर्ट. दावा मागे, हक्क राखून. एक मिनिटही लागलं नाही. विजयच म्हणायचा.
बाहेर वादिराज हातात अर्जाची प्रत घेऊन उभा. म्हणाला, काय खंडोजीराव, मग रविवारी बसायचं ना? ओठांवर 'हो' आलं होतं. पण आत्ताच राखलेला हक्क लगेच सोडणं बरं दिसलं नसतं. म्हटलं, विचार करून कळवतो. बसमध्ये स्वतःचाच राग आला.

२३ जून
राखलेला हक्क वापरला नाही तर ती कोर्टाची फसवणूक नाही का? सर्व्हेयरकडे अर्ज दिला, हद्द मोजा म्हणून. झाड एकदा कागदोपत्री वादिराजचं ठरलं की मी मोठ्या मनाने माफ करीन, मग कॅरम. नीलिमा म्हणाली, त्यापेक्षा सरळ जाऊन बसा की! तिला प्रोसीजर कळत नाही.

७ जुलै
सर्व्हेयर आला. फितीचं दुसरं टोक वादिराजने आपणहून धरलं.
झाड दीड फूट आमच्या हद्दीत आहे.
म्हणजे मी शपथेवर माझ्याच झाडाची तक्रार केली.

१० जुलै, रविवार
सकाळी बोर्ड आणि सहा नारळ घेऊन वादिराजच्या व्हरांड्यात गेलो. (पोचले पाच. एक वाटेत पडला.) त्याने बायकोला, कावेरीअक्कांना, कॉफी टाकायला सांगितलं, सोंगट्या मांडल्या, पहिला स्ट्राइक मला दिला. मग म्हणाला, तुमच्या झाडाचा नारळ गेल्या वर्षी आमच्या कौलांवर पडला होता. तक्रार नाही. फक्त सर्व उपायांचा हक्क राखून ठेवतोय.
आणि बोर्डावरच्या पावडरीत बोटाने एक रेघ मारली.